खानेसुमारीत न मावलेल्या बायका

१८८७ च्या मार्च महिन्यात मुंबईच्या हायकोर्टाने रखमाबाईंपुढे दोन वाटा ठेवल्या. नवऱ्याच्या घरी नांदायला जायचं, नाहीतर सहा महिने तुरुंगात. अकराव्या वर्षी लागलेलं लग्न मला मान्य नाही, असं म्हणणारी ही बावीस वर्षांची बाई तुरुंगात जायला तयार झाली. हा खटला आपल्याकडे बऱ्याच जणांनी ऐकलेला असतो. एक गोष्ट मात्र सहसा सांगितली जात नाही. बायकोने नांदायला यावं म्हणून कोर्टात दावा लावायची ही रीत आपल्या धर्मशास्त्रातून आलेली नव्हती. ती इंग्लंडच्या चर्चच्या न्यायालयांतून आपल्याकडे आली होती. आणि गंमत अशी की खुद्द इंग्लंडात, तीनच वर्षं आधी, १८८४ साली पार्लमेंटने कायदा बदलून या दाव्यातली तुरुंगाची शिक्षा काढून टाकली होती. मुंबईतल्या बाईच्या डोक्यावर जी शिक्षा टांगलेली होती, ती लंडनमधल्या बाईला तेव्हा होऊच शकत नव्हती.

ब्रिटनमधल्या बायकांच्या इतिहासावर मराठीत पुस्तक कशाला, असं या पुस्तकाची जुळवाजुळव चालू असताना अनेकांनी विचारलं. काहींनी कुतूहलाने, काहींनी नाक मुरडून. प्रत्येकाला मी हीच गोष्ट सांगत आले. त्यांचा इतिहास आपल्या घरात कधीच शिरला आहे. फक्त अर्धवट शिरला आहे.

आपल्या मनातली इंग्रज बाई म्हणजे दोन-तीन चित्रं. एक छत्री घेतलेली मड्डम, एक नाण्यावरची राणी, आणि मताच्या हक्कासाठी खिडक्यांच्या काचा फोडणाऱ्या बायकांचा एखादा फोटो. इंग्रजी कादंबऱ्या वाचलेल्यांच्या मनात आणखी एक दिवाणखाना असतो. त्यात चार बहिणी वराची वाट पाहत बसलेल्या. पण त्या दिवाणखान्यातली शेगडी पहाटे पाचला उठून कोणी पेटवली? त्या बहिणींच्या अंगावरच्या कापडाचं सूत कोणी कातलं? शेगडी पेटवणाऱ्या आणि सूत कातणाऱ्या संख्येने कितीतरी जास्त होत्या.

दुसरी अडचण जिन्याची. बायकांचा इतिहास म्हटला की आपण एक जिना कल्पतो. खालच्या पायरीवर अंधार, मग शिक्षण, मग नोकरी, मग मत, वर गच्चीवर उजेड. मीही बरीच वर्षं हा जिना धरून चालले. तो मोडला बिअरने.

तेराव्या-चौदाव्या शतकातल्या इंग्लंडात रोजचं पेय म्हणजे एल. सातू भिजवून, मोड आणून, वाळवून केलेलं. ते चार-सहा दिवसांत आंबून जाई, म्हणून सतत करावं लागे. आणि ते करीत बायका. घरापुरतं काढायचं, उरलं की दाराबाहेर काठीला डहाळी बांधायची आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांना विकायचं. गावच्या न्यायसभांच्या दप्तरांत अशा बायकांची नावं पानोपानी सापडतात, कारण माप आणि भाव यांचे नियम मोडल्याबद्दल त्यांना दंड होई. दंड इतका नेमाने होई की तो परवान्याचाच एक प्रकार म्हणायचा. इंग्रजीत त्यांना ‘ब्रूस्टर’ म्हणत. शेवटचं ‘स्टर’ हे जुन्या इंग्रजीत बाईचा धंदा दाखवणारं शेपूट. ‘स्पिन्स्टर’ हा शब्दही तसाच. मुळात सूत कातणारी, पुढे पुढे नुसतीच लग्न न झालेली. धंदा गेला आणि कुचेष्टा उरली.

मग समुद्रापलीकडून हॉप्स या वेलीची कडवट फुलं आली. हॉप्स घातलेली बिअर टिकते, लांब नेता येते, मोठ्या पिंपांत करता येते. मोठ्या पिंपांना भांडवल लागतं, भांडवलाला पत लागते, आणि विवाहित बाईला स्वतःची पत नव्हती. शहरात धंद्याचे संघ झाले, सैन्याला आणि जहाजांना पुरवठ्याचे मक्ते निघाले. १६०० च्या सुमारास हा धंदा बव्हंशी पुरुषांच्या हातात गेला होता. कोणी बायकांना सरसकट हाकललं नाही. देशभर बंदीचा हुकूम काही निघाला नाही. धंदा फायद्याचा झाला आणि बायका बाजूला पडल्या, इतकंच. ज्युडिथ बेनेट यांनी १९९६ साली या ब्रूस्टरांवर पुस्तक लिहिलं. त्यांचा निष्कर्ष बोचरा आहे: बायकांचं काम बदलत राहतं, पण पुरुषांच्या तुलनेत त्यांची जागा फारशी हलत नाही. कमी कौशल्याचं, कमी पैशांचं, कमी मानाचं काम तेव्हाही त्यांच्या वाट्याला, नंतरही.

या कथेला शेपूट आहे. लंडनच्या फ्लीट स्ट्रीटवर, म्हणजे तेव्हाच्या वर्तमानपत्रांच्या गल्लीत, एल व्हिनो नावाच्या मद्यगृहात बाईला काउंटरपाशी उभं राहून पेला मागता येत नसे; तिने मागच्या खोलीत टेबलाशी बसायचं. दोघी गेल्या कोर्टात, एक वकील आणि एक पत्रकार. अपील कोर्टाने निकाल त्यांच्या बाजूने दिला तो १९८२ साली. ज्या देशात शतकानुशतकं बायकाच पिंपं भरत होत्या, तिथे पेल्यासाठी त्यांना कोर्टाची पायरी चढावी लागली. जिन्याचं चित्र इथे माझ्यापुरतं संपलं.

तरी मध्ययुगाला सुवर्णकाळ ठरवण्याचा मोहही टाळायला हवा. किंग्ज लिनची मार्जरी केंप हिने एलचा धंदा केला आणि त्यात ती बुडाली. चौदा बाळंतपणं झाली, मग ती तीर्थयात्रांना निघाली, आणि स्वतःला लिहिता येत नसल्याने दुसऱ्याकडून तिने आपली कहाणी लिहवून घेतली. इंग्रजीतलं पहिलं आत्मचरित्र म्हणून आज ते ओळखलं जातं; त्याची पोथी विसाव्या शतकात, १९३४ साली ओळखली गेली. मार्गारेट पास्टन ही नॉरफोकमधली जमीनदारीण. तिने १४४८ साली लंडनला गेलेल्या नवऱ्याला पत्र लिहून वाड्याच्या रक्षणासाठी धनुष्यं मागवली आणि त्याच पत्रात बदाम आणि साखरही. असं एखादं पत्र हाती लागलं की ‘घर’ आणि ‘बाहेर’ हे शब्द जपून वापरायला हवेत हे कळतं. १५३६ ते १५४० या काळात आठव्या हेन्रीने मठ मोडले, तेव्हा जोगिणींचे मठही गेले, आणि लग्नाखेरीज इभ्रतीने जगण्याची बायकांसाठीची जवळजवळ एकुलती एक जागा गेली. पाठ्यपुस्तकांत हे प्रकरण राजाच्या घटस्फोटाच्या प्रकरणातली तळटीप होऊन बसतं.

कायद्याकडे मात्र थांबून पाहिलं पाहिजे. इंग्लंडच्या कायद्यात लग्न झालं की नवरा-बायको एकच व्यक्ती होत, आणि ती व्यक्ती म्हणजे नवरा. याला ‘कव्हर्चर’ म्हणत. बाई नवऱ्याच्या पांघरुणाखाली गेली असा त्याचा अर्थ. तिची मजुरी त्याची, तिचे दागिने त्याचे, मुलंही त्याची. आपल्याकडच्या स्त्रीधनासारखी कल्पना तिथल्या सर्वसाधारण कायद्यात नव्हती, हे वाचून मराठी वाचक चमकेल. पैसेवाले बाप मुलीच्या नावे विश्वस्त नेमून पळवाट काढत. एमी एरिक्सन यांनी साध्या घरांची मृत्युपत्रं आणि हिशेब चाळून दाखवलं की असे करारमदार करण्यात सामान्य बायकाही कमी नव्हत्या. स्कॉटलंडचा कायदा निराळा होता, आणि तिथे बायका लग्नानंतरही कागदोपत्री माहेरचं आडनाव चालवत. कॅरोलाइन नॉर्टन या लेखिकेची तीन मुलं नवऱ्याने नेली, तेव्हा तिने लिहून, भेटून, भंडावून पार्लमेंटला १८३९ चा कायदा करायला लावला: सात वर्षांखालच्या मुलांचा ताबा आईला मागता येईल. विवाहितेची मालमत्ता तिची स्वतःची असते हे पूर्णपणे मान्य व्हायला १८८२ साल उजाडलं.

मधल्या काळात बोलणाऱ्या बायका पुष्कळ झाल्या. यादवीच्या धामधुमीत, १६४९ साली बायका अर्ज घेऊन पार्लमेंटच्या दारात गेल्या तेव्हा त्यांनी घरी जाऊन भांडी घासावीत, अशा अर्थाचं उत्तर त्यांना मिळालं. क्वेकर पंथाच्या मार्गारेट फेल यांनी १६६६ साली बायकांना धर्मसभेत बोलण्याचा अधिकार आहे असं बायबलाच्याच आधाराने मांडलं. मेरी वॉलस्टनक्राफ्ट यांचं बायकांच्या हक्कांवरचं १७९२ चं पुस्तक या परंपरेच्या सुरुवातीला नव्हे, मध्यावर उभं आहे.

यंत्रं आली. सूतकताई हे बायकांचं सर्वांत मोठं घरबसल्या कमाईचं साधन. ते जेनी नावाच्या कताईयंत्राने आणि गिरणीने गिळलं. लँकेशरच्या गिरण्यांत बायकांना मजुरी मिळाली, पण कताईच्या टापूंतल्या खेडोपाडी चुली थंडावल्या. आयव्ही पिंचबेक यांनी १९३० सालीच हे दोन्ही हिशेब एकत्र मांडले होते. १८४२ च्या कायद्याने बायकांना खाणीत उतरायला बंदी झाली. दयेने झाली, पण मजुरी बुडाली ती बुडालीच. विगनच्या खाणींच्या तोंडाशी, वर आलेला कोळसा निवडणाऱ्या बायका मग विजार घालून कामाला येत, आणि सभ्य लोक त्यांचे फोटो विकत घेत. त्यांचंही काम बंद करण्याचा घाट घातला गेला, तेव्हा १८८७ साली त्यांच्यापैकी काही जणी लंडनला थेट गृहमंत्र्यांना भेटायला गेल्या आणि काम टिकवून आल्या. साल तेच, रखमाबाईंच्या निकालाचं.

आणि तरीही एकोणिसाव्या शतकातली नमुनेदार नोकरदार बाई गिरणीतली नाही. ती मोलकरीण आहे. १८९१ साली इंग्लंड आणि वेल्समध्ये १३ लाखांहून जास्त बायका घरकामाच्या नोकरीत होत्या. राख काढायची, शेगडीला काळं पॉलिश करायचं, तीन मजले गरम पाण्याच्या घागरी चढवायच्या. कित्येक घरांत मालकीण तिचं नावही बदले. मागची मेरी होती म्हणून हीसुद्धा मेरी. तेच काम पगाराविना स्वतःच्या घरात करणाऱ्या बाईचं काय? १८८१ च्या खानेसुमारीपासून तिची नोंद ‘बिनकामाच्या’ वर्गात होऊ लागली. या पुस्तकाचं सारं म्हणणं त्या रकान्याशी आहे. ज्या कागदांवरून आपण बायकांचा इतिहास लिहितो, ते कागद भरणाऱ्याला बाईचं काम दिसत नव्हतं.

बायकांच्या जगण्यातला मोकळा वेळ हा विषय तर अगदीच हलका समजला जातो. मला तो तसा वाटत नाही. व्हिक्टोरियाच्या काळातल्या लंडनमध्ये एकट्या भल्या घरच्या बाईला दुपारी कुठे बसता येईल? मद्यगृहात नाही, क्लबात नाही. आणि शौचालयं पुरुषांसाठीच होती, त्यामुळे ती घरापासून किती लांब जाऊ शकते हे तिच्या शरीरानेच ठरवून टाकलेलं. चहाची दुकानं आली, मोठी कापड-दुकानं आली. लायन्स कंपनीने १८९४ साली पिकॅडिलीत चहाघर उघडलं. तिथे टायपिस्ट मुलगी कोणाच्याही सोबतीविना बसू शके. त्याच दशकात सायकलची लाट आली. मताच्या चळवळीतल्या कितीतरी बैठका अशा चहाघरांत झाल्या आहेत. स्कॉटलंडच्या किनाऱ्यावरच्या हेरिंग मासळी साफ करणाऱ्या पोरी तर मोसमाबरोबर शेटलंडपासून यार्मथपर्यंत उतरत. तिघींची एक टोळी, दोघी मासा चिरणार, एक पिंपात भरणार. बोटांना चिंध्या बांधलेल्या, आणि काम नसेल तेव्हा चालता चालता हातात विणकाम. घरच्यांपासून शेकडो मैल दूर, स्वतःच्या पैशाने.

मताच्या लढ्याबद्दल मराठीत बरंच लिहिलं गेलं आहे, म्हणून थोडक्यात. करदात्या एकट्या बायकांना नगरपालिकांचं मत १८६९ पासूनच होतं. मताला विरोध करणाऱ्या बायकांची संघटना १९०८ साली निघाली आणि तिच्या बिनीला त्या काळच्या नामांकित कादंबरीकार मिसेस हम्फ्री वॉर्ड होत्या. १९१८ साली मत मिळालं ते तिशीपुढच्या, आणि मालमत्तेची अट पुरी करणाऱ्या बायकांना. पहिल्या महायुद्धात दारूगोळ्याच्या कारखान्यांत कातडी पिवळी करून घेणाऱ्या बहुतेक मुली त्यात बसत नव्हत्या. त्यांना १९२८ पर्यंत थांबावं लागलं.

युद्धाने बायकांना मुक्त केलं हे वाक्य जरा तपासून घ्यावं. १९२० सालच्या नाताळाच्या दुसऱ्या दिवशी लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर डिक, कर्र या कारखान्याच्या मुलींचा फुटबॉल सामना पाहायला ५३,००० लोक आले. वर्ष उलटण्याच्या आत फुटबॉल संघटनेने आपल्या मैदानांवर बायकांना बंदी घातली. ती पन्नास वर्षं टिकली. शिक्षिकेने लग्न केलं की नोकरी सोडायची हा दंडक १९४४ पर्यंत आणि परराष्ट्र खात्यात १९७३ पर्यंत होता. १९६८ साली फोर्डच्या डॅगनम कारखान्यात गाड्यांच्या बैठका शिवणाऱ्या १८७ बायका संपावर गेल्या, कारण त्यांच्या शिवणकामाला ‘अकुशल’ ठरवलं होतं. समान वेतनाचा १९७० चा कायदा त्यातून आला. पण त्यांचं काम कुशल आहे हे मान्य व्हायला १९८४ उजाडलं. आणि १९७६ साली लंडनच्या ग्रनविक फोटो-कारखान्यातून साडी नेसलेल्या जयाबेन देसाई संप करून बाहेर पडल्या, तेव्हा ब्रिटिश बाई म्हणजे कोण, हा प्रश्नच नव्याने लिहावा लागला.

हा इतिहास लिहिणाऱ्यांचाही एक इतिहास आहे. अ‍ॅग्नेस स्ट्रिकलंड यांनी १८४० च्या दशकात राण्यांची चरित्रं लिहिली. बरीचशी बहिणीने लिहिलेली होती, पण तिला मुखपृष्ठावर नाव नको होतं. अ‍ॅलिस क्लार्क यांचा सतराव्या शतकातल्या कामकरी बायकांवरचा ग्रंथ १९१९ चा. भांडवलशाहीने बायकांना उत्पादनातून बाहेर ढकललं, हे त्यांचं म्हणणं आजही वादात जिवंत आहे. मग मधे बरीच शांतता. १९६९ साली ऑक्सफर्डच्या रस्किन कॉलेजातल्या एका इतिहास-मेळाव्यात, बायकांच्या इतिहासावर काम करणाऱ्यांनी एकत्र बसू या, असं शीला रोबोथम यांनी सुचवलं तेव्हा सभागृहात हशा पिकला. पुढच्याच वर्षी त्याच कॉलेजात स्त्रीमुक्तीची पहिली राष्ट्रीय परिषद भरली, आणि १९७३ साली रोबोथम यांचं इतिहासाआड दडलेल्या बायकांवरचं पुस्तक आलं. १९८७ मध्ये डेव्हिडॉफ आणि हॉल या इतिहासकारांनी मध्यमवर्गीय कुटुंबांची दप्तरं धुंडाळून मांडलं की पुरुषाचं ‘बाहेर’ आणि बाईचं ‘घर’ ही फाळणी एकोणिसाव्या शतकाच्या तोंडावर घडली. अमांडा व्हिकरी यांनी सहा वर्षांनी त्यावर तोफ डागली: फाळणीच्या बाता उपदेशाच्या पुस्तकांत, खऱ्या बायका रोजनिशीत निराळ्याच दिसतात. दोन्ही बाजू वाचून माझं मत थोडं व्हिकरींकडे झुकतं. पण उपदेशाच्या पुस्तकांना कमी लेखू नये. माणसं उपदेश पाळत नसली तरी त्याची लाज बाळगतात.

अँटोनेट बर्टन यांनी १९९४ साली आपल्याला थेट भिडणारा प्रश्न विचारला. ब्रिटिश स्त्रीवाद्यांनी ‘बिचारी हिंदी बाई’ हे चित्र स्वतःच्या मागणीसाठी वापरलं का? वापरलं. पण ती बिचारी बाई तिकडे जाऊन पोचलीही होती. पंडिता रमाबाई १८८३ साली गेल्या आणि पुढे चेल्टनमच्या मुलींच्या कॉलेजात राहिल्या. त्यांनी पुरुषांना शिकवण्याला हिंदुस्थानातल्या बिशपांनी हरकत घेतली, तेव्हा या बाईंनी इंग्रज चर्चलाच स्वातंत्र्याचा धडा दिला. नाशिकला जन्मलेल्या कॉर्नेलिया सोराबजी १८९२ साली ऑक्सफर्डची कायद्याची परीक्षा देणाऱ्या पहिल्या बाई ठरल्या. ऑक्सफर्डने बायकांना पदव्या देण्याचं ठरवलं ते १९२० साली, आणि त्यांची पदवी हाती पडायला १९२२ उजाडलं. रखमाबाई लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या. तिथलं ते बायकांचं वैद्यकीय विद्यालय १८७४ साली निघालं होतं, कारण ब्रिटनमध्ये इतर कुठे बायकांना घेत नव्हते.

नांदायला लावण्याचा दावा इंग्लंडने १९७० साली कायमचा रद्द केला. आपल्या हिंदू विवाह कायद्याच्या कलम ९ मध्ये तो आजही आहे. नवऱ्याने बायकोवर केलेली बळजबरी हा बलात्कार होत नाही, हे मत सतराव्या शतकातल्या मॅथ्यू हेल या इंग्रज न्यायाधीशाचं. तिथल्या सर्वोच्च न्यायपीठाने ते १९९१ साली फेकून दिलं. आपल्या भारतीय न्याय संहितेत तो अपवाद शाबूत आहे. ‘आपली संस्कृती’ म्हणून ज्याचा बचाव होतो, त्यातलं काय काय विलायतेहून उतरलेलं सामान आहे, हे पाहायचं तर त्या सामानावरच्या चिठ्ठ्या वाचता यायला हव्यात.

म्हणून या पुस्तकाची मांडणी राजांच्या कारकिर्दींवर केलेली नाही. ती जागांवर केली आहे: चूल, चर्च, बाजार, गिरणी, रस्ता, कोर्ट. एकेका जागेत शतकांची ये-जा दिसते आणि जिन्याचा भास होत नाही. काही लेख दप्तरांवर, काही पत्रांवर, काही वस्तूंवर उभे आहेत. वेल्सला न्याय कमी मिळाला आहे, आणि आयर्लंड जाणूनबुजून बाहेर ठेवलं आहे. त्याला ब्रिटनच्या पुस्तकात एक प्रकरण देणं हा जुनाच अन्याय झाला असता. शब्दांनीही छळलं. ‘ब्रूस्टर’ला मराठी शब्द मिळेना, गुत्तेवाली म्हणावं तर तिची बदनामी होते. शेवटी तसाच ठेवला.

मुखपृष्ठासाठी एका फोटोपेक्षा खानेसुमारीचा एक तक्ता घ्यावा असं माझं म्हणणं होतं. २ एप्रिल १९११ च्या रात्री मताच्या चळवळीतल्या बायकांनी खानेसुमारीवर बहिष्कार घातला: मत नाही तर मोजणीही नाही. कोणी रात्रभर फिरत राहिल्या, कोणी फॉर्मवर शेरे मारले. एमिली डेव्हिसन वेस्टमिन्स्टरच्या पार्लमेंटमध्ये तळघरातल्या प्रार्थनामंदिरातल्या एका कपाटात लपून बसली, म्हणजे मुक्कामाच्या रकान्यात पार्लमेंट लिहावं लागेल. ती सापडली आणि नोंद तशी झाली. इकडे तिच्या राहत्या खोलीच्या घरमालकिणीनेही फॉर्ममध्ये तिचं नाव घालून ठेवलं होतं. बहिष्काराच्या रात्री तिची मोजणी दोनदा झाली.